ठाण्याची पायरी – भाग ९ : चोवीस तास थांबायला कोणी सांगितलं?

मागच्या भागात अदखलपात्र तक्रारीचा विषय झाला. आजचा प्रसंग त्याहून अवघड आहे. घरातलं माणूस परतलेलं नाही, फोन बंद लागतोय, आणि ठाण्यात ऐकायला मिळतं, ‘आधी नातेवाइकांकडे बघा. चोवीस तास होऊ द्या, मग या.’

असा नियम कुठेही नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत नाही आणि तिच्या आधीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेतही नव्हता. फुलचूरच्या माणसाला तर याचं गांभीर्य समजावून सांगायलाच नको. गाव गोंदिया शहराला लागून आणि गोंदिया जंक्शन हावडा–मुंबई मार्गावर. इथून गाडीत बसलेलं माणूस बालाघाटकडे किंवा डोंगरगडकडे निघालं, तर तासाभरात राज्याबाहेर जातं. चोवीस तासांत ते हावड्याला किंवा मुंबईला उतरलेलंही असेल. शोधाचे खरे तास पहिलेच असतात. फोन बंद पडण्याआधीचं लोकेशन, फलाटावरच्या कॅमेऱ्याचं चित्रण, रिक्षावाल्याच्या ताज्या आठवणी, हे सगळं त्याच तासांत हाती लागतं.

ठाण्यात गेल्यावर सगळ्यात आधी वय बघतात आणि पुढचा रस्ता तिथेच फुटतो. मूल अठरा वर्षांखालचं असेल, तर ‘मिसिंग’ची नोंद करून भागत नाही, गुन्हाच दाखल करावा लागतो. बचपन बचाओ आंदोलनाच्या याचिकेवर १० मे २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. मूल कोणत्या कारणाने गेलं हे ठाऊक नसलं, तरी अपहरण किंवा मानवी तस्करी झाली असावी असं गृहीत धरूनच तपास सुरू करायचा. वर्तमानपत्रात ‘अज्ञात इसमाने फूस लावून पळवून नेले’ हे वाक्य वारंवार दिसतं, त्याच्या मागे हाच आदेश आहे. ‘कुणाबरोबर तरी गेली असेल’ असं म्हणून सोळा वर्षांच्या मुलीच्या बापाला परत पाठवणं म्हणूनच नुसतं असंवेदनशील नाही, बेकायदेशीर आहे. चार महिन्यांत मूल सापडलं नाही, तर बाल न्याय नियमांनुसार तपास मानवी तस्करीविरोधी पथकाकडे जातो. त्या पथकाला दर तीन महिन्यांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला अहवाल द्यावा लागतो. पालकांनी हा हिशेब स्वतः ठेवावा. घाईत घर सोडताना आधी शाळेचा दाखला किंवा जन्माचा दाखला उचलावा, कारण वयाचा वाद तिथेच मिटतो.

प्रौढ माणसाची गोष्ट वेगळी. नुसतं घर सोडणं हा गुन्हा नाही, म्हणून ठाण्यात मिसिंग दाखल होते आणि चौकशी सुरू होते. ठाणे अंमलदार वर्णन लिहून घेतो : वय, उंची, रंग, बांधा, अंगात काय होतं, पायात काय होतं, बोलीभाषा कोणती. हे वर्णन बिनतारी संदेशाने इतर ठाण्यांना जातं. ‘सडपातळ बांधा’ हजारोंचा असतो. डाव्या भुवईवरची टाक्याची खूण, तुटलेला दात, हातावर गोंदलेलं नाव, चालू असलेली औषधं, मोबाइलच्या खोक्यावरचा आयएमईआय क्रमांक, या गोष्टी आवर्जून लिहायला लावा. निघताना मिसिंग क्रमांक आणि तपासी अंमलदाराचं नाव घेऊनच निघा.

नंतर हद्दीचा घोळ. घर फुलचूरला, कॉलेज शहरात, शेवटचं दर्शन रेल्वे स्टेशनवर. मग गावाकडचं ठाणं शहराकडे बोट दाखवतं आणि शहर लोहमार्ग पोलिसांकडे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या संहितेच्या कलम १७३ नुसार दखलपात्र गुन्ह्याची खबर कोणत्याही ठाण्यात नोंदवता येते, मग घटना कोणाच्याही हद्दीत घडलेली असो. हाच झिरो एफआयआर. त्याची प्रत विनामूल्य मिळते. ठाण्याने नकार दिला, तर पोलीस अधीक्षकांना लेखी कळवायचं. तिथेही दाद लागली नाही, तर दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करायचा.

मिसिंग आणि गुन्हा यांच्यामधलं अंतर किती जीवघेणं ठरू शकतं, हे महाराष्ट्राने अश्विनी बिद्रे-गोरे प्रकरणात पाहिलं. त्या स्वतः सहायक पोलीस निरीक्षक होत्या. एप्रिल २०१६ मध्ये त्या बेपत्ता झाल्या. घरच्यांनी पाठपुरावा सोडला नाही, तरी अपहरणाचा गुन्हा दाखल व्हायला २०१७ साल उजाडलं. मुख्य आरोपी पोलीस निरीक्षक अभय कुरुंदकर याला अटक झाली ती त्याच वर्षाच्या डिसेंबरात. खून करून मृतदेह खाडीत टाकला होता; तोपर्यंत तिथून काही हाती लागण्याची आशा उरली नव्हती, मृतदेह मिळालाच नाही. पनवेलच्या सत्र न्यायालयाने २१ एप्रिल २०२५ रोजी त्याला जन्मठेप सुनावली. खात्यातल्याच बाईच्या वाट्याला हे आलं, तर गावाकडच्या मजुराच्या बायकोचं काय होत असेल? म्हणून प्रौढ बेपत्ता असतानाही धमकी, मारहाण, पैशाचा व्यवहार, हुंड्याचा तगादा असं काही घडलेलं असेल, तर ते जबाबात स्पष्ट लिहायला लावा. संशयाला आधार दिसला, की पोलिसांना गुन्हा नोंदवावाच लागतो.

एक बाजू मात्र पालकांनाही जड जाते. सापडलेली मुलगी एकोणीस वर्षांची असेल आणि ‘मी माझ्या मर्जीने गेले’ असा जबाब देत असेल, तर पोलीस तिला हात धरून घरी आणू शकत नाहीत. तिची नोंद बंद होते, आणि पत्ता घरच्यांना सांगायचा की नाही हे तिनेच ठरवायचं. मारझोडीला कंटाळून घर सोडलेल्या बाईला पुन्हा त्याच दारात आणून सोडणं हा शोध नव्हे. पण कुणी डांबून ठेवल्याचा संशय असेल, तर दंडाधिकाऱ्यांकडून झडतीचं वॉरंट मिळू शकतं. गोंदियाकरांना मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात हेबियस कॉर्पसची याचिकाही करता येते. मग त्या व्यक्तीला न्यायमूर्तींसमोर हजर करावं लागतं आणि तिची मर्जी तिच्याच तोंडून विचारली जाते.

तातडीच्या मदतीसाठी ११२ आणि मुलांसाठी १०९८.

(पुढील भागात : अनोळखी मृतदेहाचा मर्ग, आणि सात वर्षं ज्याची खबर नाही त्याच्या घरच्यांचे हक्क.)