बर्फावरची फळी, चाळिशीतले गुडघे

फेब्रुवारी 2026. इटलीतल्या लिविन्यो इथे हिवाळी ऑलिम्पिकमधली स्नोबोर्डची ‘पॅरलल जायंट स्लॅलम’ ही शर्यत संपली आणि विजयमंचावर तीन पुरुष उभे राहिले. सुवर्णपदक मिळवणारा ऑस्ट्रियाचा बेंजामिन कार्ल 40 वर्षांचा होता. रौप्यपदक मिळवणारा दक्षिण कोरियाचा किम सांग-क्युम 37 वर्षांचा. आणि कांस्यपदक गळ्यात घालून उभा असलेला बल्गेरियाचा तेर्वेल झाम्फिरोव्ह अवघ्या विशीतला. एकाच खेळाच्या एकाच शर्यतीत वयाचे एवढे अंतर फारसे दिसत नाही. जिम्नॅस्टिक्समध्ये किंवा शंभर मीटरच्या धावण्यात चाळिशीतला माणूस सुवर्णपदक जिंकेल, अशी कल्पनाही कोणी करत नाही. मग या खेळात शरीर एवढे टिकते कसे? आणि टिकताना त्याला काय मोजावे लागते?

हे समजून घ्यायला झाम्फिरोव्हच्या आधीच्या पिढीतल्या एका बल्गेरियन खेळाडूकडे पाहणे सोयीचे ठरेल. त्याचे नाव राडोस्लाव यांकोव्ह.

एका कारकिर्दीचा आलेख

बल्गेरिया हा बाल्कन प्रदेशातला छोटा देश. डोंगर मात्र भरपूर. दक्षिणेकडे रोडोपी पर्वत आणि त्यातले पाम्पोरोवो, नैऋत्येला पिरिन पर्वत आणि त्याच्या पायथ्याचे बान्स्को, ही तिथली बर्फावरच्या खेळांची प्रसिद्ध ठिकाणे. दोन्ही ठिकाणी स्नोबोर्डच्या जागतिक चषकाच्या शर्यती झाल्या आहेत. तरीही हिवाळी ऑलिम्पिकमध्ये या देशाच्या वाट्याला फारसे काही आले नव्हते. पहिले पदक 1980 मध्ये मिळाले. एकमेव सुवर्ण 1998 मध्ये नागानोला एकातेरिना दाफोव्स्का हिने बायथलॉनमध्ये जिंकले. 2006 च्या तुरिन ऑलिम्पिकमध्ये येव्हगेनिया रादानोव्हा हिला स्केटिंगमध्ये रौप्य मिळाले आणि त्यानंतर पदकांचा दुष्काळ पडला.

यांकोव्हचा जन्म 1990 चा. त्याच्या आधी अलेक्झांड्रा जेकोव्हा या स्नोबोर्डपटूने 2006 आणि 2010 अशी दोन ऑलिम्पिक गाठून वाट पाडून ठेवली होती. यांकोव्ह 2014 मध्ये सोचीला उतरला. 2015-16 च्या हंगामात त्याने जागतिक चषकात पॅरलल जायंट स्लॅलम या प्रकाराचा ‘क्रिस्टल ग्लोब’ जिंकला. हा मान एका दिवसाच्या यशाला मिळत नाही. हिवाळाभर वेगवेगळ्या देशांतल्या उतारांवर जो सातत्याने गुण मिळवतो, त्यालाच तो मिळतो. तेव्हा यांकोव्ह 26 वर्षांचा होता. 2018 मध्ये प्योंगचांगला उद्घाटन सोहळ्यात देशाचा ध्वज त्याच्या हाती होता. 2022 मध्ये बीजिंगलाही तो खेळला. पण या तिन्ही ऑलिम्पिकमध्ये पदकाने त्याला हुलकावणी दिली.

हंगामभर जगात सर्वोत्तम ठरलेला खेळाडू ऑलिम्पिकच्या एका दिवशी रिकाम्या हाताने परततो. याचे कारण समजायचे, तर शर्यतीची रचना आणि तिचा शरीरावरचा भार या दोन्ही गोष्टी पाहायला हव्यात.

एका दिवसात सहा वेळा

पॅरलल म्हणजे समांतर. एकाच उतारावर शेजारी शेजारी दोन मार्ग आखलेले असतात, एक लाल झेंड्यांचा आणि एक निळ्या झेंड्यांचा. सकाळी पात्रता फेरीत प्रत्येक जण दोन वेळा उतरतो. त्यातून 16 जण पुढे जातात आणि मग बाद पद्धतीने दोघादोघांची झुंज लागते. एक चूक झाली की खेळ संपला. अंतिम फेरीपर्यंत पोचणाऱ्याला एका दिवसात सहा वेळा जीव तोडून उतरावे लागते. प्रत्येक वेळचा खेळ अर्ध्या-पाऊण मिनिटाचा, आणि निकाल सेकंदाच्या शंभराव्या भागांवर लागतो.

हा अर्धा-पाऊण मिनिट शरीराच्या दृष्टीने फार अवघड. एवढ्या वेळात स्नायूंना लागणारी ऊर्जा मोठ्या प्रमाणात प्राणवायूशिवाय तयार होते आणि स्नायूंमधली आम्लता वाढत जाते. मांड्या पेटल्यासारख्या होतात. पुढच्या फेरीपूर्वी हे सगळे निवळावे लागते आणि ते काम हृदय, फुप्फुसे आणि रक्ताभिसरण करतात. म्हणून पाऊण मिनिटाच्या खेळासाठी हे खेळाडू तासन् तास सायकल चालवतात. दम टिकवायचा असतो तो उतरण्यासाठी कमी आणि दोन फेऱ्यांच्या मधल्या वेळेत सावरण्यासाठी जास्त.

वळणावरचे ओझे

या खेळातली फळी आपण चित्रपटात पाहतो त्या उड्या मारणाऱ्यांच्या फळीसारखी नसते. ती लांब, अरुंद आणि कडक असते. आत अॅल्युमिनियमच्या मिश्रधातूचे पातळ पत्रे असतात. पायात मऊ बूट नसतात, तर स्कीइंगसारखे कडक प्लास्टिकचे बूट असतात. दोन्ही पावले पुढच्या दिशेला वळवून फळीला घट्ट जखडलेली असतात. वळताना फळी कडेवर उभी होते आणि तिची कड बर्फात सुरीसारखी रुतते.

आता थोडे गणित करू. समजा, वेग ताशी 60 किलोमीटर आहे आणि वळणाची त्रिज्या 15 मीटर. एवढ्या वळणासाठी लागणारे त्वरण गुरुत्वाकर्षणाच्या जवळजवळ 1.9 पट भरते. त्यात गुरुत्वाकर्षण मिळवले, की पायांवर येणारा एकूण भार शरीराच्या वजनाच्या सुमारे 2.1 पट होतो. म्हणजे 80 किलोच्या माणसाचे पाय त्या क्षणी जवळपास 170 किलो पेलत असतात. तोल राखायला त्याला उभ्या रेषेपासून सुमारे 60 अंश कलावे लागते, म्हणजे तो बर्फावर जवळजवळ आडवाच झालेला असतो. बर्फ खडबडीत असेल तर धक्के याहून मोठे बसतात. आणि हे एकदा नव्हे, तर एका फेरीत पुन्हा पुन्हा.

हा भार पेलताना स्नायू ज्या पद्धतीने काम करतो, तिला ‘एक्सेंट्रिक’ आकुंचन म्हणतात. स्नायू जोर लावत असतो, पण त्याच वेळी लांबत असतो, ब्रेकसारखा. एखादा गड चढताना दम लागतो, पण मांड्या भरून येतात त्या उतरताना आणि दुखतात दुसऱ्या दिवशी. ते दुखणे याच आकुंचनाचे. स्नोबोर्डपटू प्रत्येक वळणावर हाच ब्रेक लावत असतो.

चाळिशीला हरवणारे काय?

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. तिशीनंतर व्यायाम नसेल, तर स्नायूंचे वस्तुमान दर दहा वर्षांना साधारण 3 ते 8 टक्क्यांनी घटते. त्यातही झटक्यात ताकद लावणारे, वेगाने आकुंचन पावणारे तंतू आधी कमी होतात. म्हणून वेगाने धावणारे आणि उंच उडी मारणारे खेळाडू तिशीच्या आसपास मागे पडू लागतात.

मात्र स्नायूची ब्रेक लावण्याची ताकद, म्हणजे एक्सेंट्रिक ताकद, वयानुसार इतर ताकदीपेक्षा सावकाश उतरते. स्नोबोर्डच्या या प्रकारात वेग गुरुत्वाकर्षणाकडून मिळतो. खेळाडूला तो निर्माण करायचा नसतो, वाया जाऊ न देता वळवायचा असतो. तिथे स्फोटक ताकदीपेक्षा भार पेलण्याची ताकद आणि नेमकेपणा उपयोगी पडतो. जोडीला अनुभव असतो. जाणता खेळाडू समोरच्या झेंड्याकडे नव्हे, तर त्याच्या पुढच्या झेंड्यांकडे पाहत असतो. बर्फ कुठे घट्ट आहे, कुठे उकरला गेला आहे, हे त्याच्या तळपायांना आधी कळते. शिवाय या प्रकारात उंच उड्या नाहीत आणि इतरांशी धडक बसण्याची शक्यता कमी. त्यामुळे करिअर संपवणाऱ्या दुखापतींचे प्रमाण स्नोबोर्डच्या इतर प्रकारांपेक्षा कमी राहते.

याची उदाहरणे कार्लपुरती मर्यादित नाहीत. ऑस्ट्रियाची क्लाउडिया रीग्लर 2015 मध्ये वयाच्या 41 व्या वर्षी विश्वविजेती झाली. इटलीचा रोलांड फिश्नालर 2002 पासून ऑलिम्पिकला उतरत आला आणि 2026 ला तो 45 वर्षांचा होता. यांकोव्हसारख्या खेळाडूसाठी हेच वास्तव दुधारी आहे. तिशी ओलांडली तरी दार बंद होत नाही, पण अनुभवी प्रतिस्पर्धीही हटत नाहीत. दर हिवाळ्यात त्याच पाच-दहा कसलेल्या माणसांशी गाठ पडते.

शरीर हिशेब ठेवते

टिकणे म्हणजे झीज न होणे नव्हे. स्नोबोर्डपटू आयुष्यभर एकच पाय पुढे ठेवून खेळतो. पुढच्या आणि मागच्या पायावरचा भार सारखा नसतो, आणि कंबर सतत थोडी पिळलेली असते. चवड्यांच्या बाजूचे वळण आणि टाचांच्या बाजूचे वळण यांत वेगवेगळे स्नायू राबतात. वर्षानुवर्षे असे झाले की शरीराच्या दोन बाजूंत असमतोल येतो. म्हणून व्यायामशाळेत हे खेळाडू एका पायावरचे व्यायाम आवर्जून करतात.

हौशी स्नोबोर्डपटूंमध्ये सर्वांत जास्त दुखावते ते मनगट. दोन्ही पाय जखडलेले असल्याने तोल गेला की माणूस हात टेकतो. घोट्यातल्या टॅलस या हाडाच्या बाहेरच्या कोपऱ्याचा अस्थिभंगही या खेळात होतो. तो साध्या क्ष-किरण चित्रात सहज दिसत नाही आणि मुरगळ समजून सोडून दिला जातो. कडक बूट घोट्याला आधार देतात, पण तोच ताण नडगीकडे आणि गुडघ्याकडे सरकतो. आंतरराष्ट्रीय स्की महासंघ 2006 पासून खेळाडूंच्या दुखापतींची पद्धतशीर नोंद ठेवतो. त्या नोंदींत अव्वल स्नोबोर्डपटूंचाही गुडघा सर्वाधिक दुखावलेला आढळला आहे.

स्नायू काही आठवड्यांत बळकट होतो. त्याला हाडाशी जोडणारे स्नायुबंध मात्र सावकाश बदलतात, कारण त्यांचा रक्तपुरवठा कमी असतो. बऱ्याच दुखापती या दोन वेगांतल्या फरकातून होतात. ताकद आल्यासारखी वाटते, म्हणून भार वाढवला जातो, आणि स्नायुबंध मागे राहिलेला असतो. दीर्घकाळ टिकणारे खेळाडू बहुधा हा फरक सांभाळायला शिकलेले असतात.

पुढची पिढी आणि आपण

झाम्फिरोव्हचे कांस्य हे बल्गेरियाचे स्नोबोर्डमधले पहिले ऑलिम्पिक पदक. जेकोव्हा आणि यांकोव्ह यांना जे मिळाले नाही, ते त्याला मिळाले. पण छोट्या देशात एखादा खेळ उभा राहायला आधी कोणीतरी दोन-तीन ऑलिम्पिक पदकाविना खेळलेले असावे लागते. हिवाळाभर जग जिंकता येते, हे यांकोव्हने 2016 मध्ये दाखवले नसते, तर पुढच्या मुलांना हे स्वप्न इतके जवळचे वाटले असते का? या शर्यतीला पुढच्या ऑलिम्पिकमध्ये जागा राहील की नाही, यावर 2026 च्या ऑलिम्पिकच्या वेळी चर्चा होती. विशीतल्या खेळाडूसाठी ती चिंता गुडघ्यांच्या चिंतेहून मोठी.

आपल्यापैकी फारच थोडे लोक बर्फावर जातील. पण चाळिशीतल्या गुडघ्यांचा प्रश्न सगळ्यांचाच आहे, आणि या खेळाडूंकडून घेण्यासारख्या गोष्टी साध्या आहेत. चढण्याइतकेच सावकाश उतरणे हाही व्यायाम आहे. जिना उतरताना धप धप न उतरता पाय हळू टेकवा. खुर्चीत बसताना अंग टाकून न देता, तीन-चार सेकंद घेऊन बसा. एका पायावर आधाराजवळ उभे राहण्याचा सराव करा. दोन्ही बाजूंची ताकद सारखी आहे का, ते लक्षात येईल. आठवड्यातून दोनदा ताकदीचे व्यायाम करा आणि भार महिन्यांच्या हिशेबाने वाढवा, दिवसांच्या नव्हे. गुडघा सुजत असेल, अडकत असेल किंवा चालताना दगा देत असेल, तर व्यायाम सुरू करण्याआधी अस्थिरोगतज्ज्ञांना दाखवा. ट्रेकला जायचे ठरवले असेल, तर तयारी निदान दोन महिने आधी सुरू करा आणि त्यात उतरण्याचा सराव धरा.