पंचवीस की बावन्न?

दुसरीच्या वर्गात एकदा मी अंकलेखन घेत होते. एका मुलाने पंचवीसच्या जागी ५२ आणि अडतीसच्या जागी ८३ लिहिले. "लक्ष कुठे असते तुझे?" मी सगळ्यांदेखत बोलले. पोराने मान खाली घातली. दुसऱ्या दिवशी त्याची अम्मी भेटायला आली. हळू आवाजात म्हणाली, "मॅडम, घर में सब बराबर बोलता. लिखने कू बैठा की उलटा. दिमाग कच्चा है क्या इसका?"

हा प्रश्न साधा नाही. आमच्या वरवंडसारख्या गावात मुलाच्या डोक्याबद्दल एकदा शंका आली की सल्ले सुरू होतात, "शिकून काय करणार? हायवेवरच्या गॅरेजला लावा त्याला." म्हणून मी मुलाला जवळ बसवले आणि सावकाश म्हटले, "पंच…" त्याने ५ लिहिला. "…वीस." त्याने पुढे २ लिहिला. तेव्हा उलगडा झाला. त्याचे लक्ष पुरेपूर होते. कानावर जे आधी पडले, ते त्याने आधी लिहिले.

मराठीत आपण एकक आधी बोलतो आणि दशक नंतर, पण लिहिताना दशक आधी येते. उर्दूतला पच्चीसही तसाच. अरबी आणि जर्मन भाषांतही एकक आधी येतो, आणि जर्मन बोलणाऱ्या मुलांच्या नेमक्या अशाच चुकांवर अभ्यास झाले आहेत. इंग्रजी, कन्नड, तेलुगू या भाषांत मात्र बोलण्याचा आणि लिहिण्याचा क्रम एकच आहे.

म्हणजे आपल्या मुलाला पाच मनात धरून ठेवायचे, 'वीस' ऐकायचे, आधी २ लिहायचा आणि मग धरून ठेवलेला ५. हे धरून ठेवण्याचे काम कार्यकारी स्मृती करते. ॲलन बॅडली आणि ग्रॅहम हिच या ब्रिटिश मानसशास्त्रज्ञांनी १९७४ मध्ये तिची मांडणी केली. तिला कोठार समजू नका, ती एक लहानशी पाटी आहे. मोठ्या माणसाच्या पाटीवरही एका वेळी तीन-चार नव्या गोष्टी जेमतेम मावतात, लहान मुलाच्या त्याहून कमी. त्यात दुसरे काही येऊन पडले की आधीचे पुसले जाते.

२०१९ मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात 'वीस पाच' असे वाचन आले, तेव्हा राज्यभर वाद पेटला. जोडाक्षरे आणि उलटा क्रम यांमुळे मुले अडखळतात, अशी बाजू गणितज्ञ डॉ. मंगला नारळीकर यांनी मांडली. बाजारात तर पंचवीसच बोलतात, असे विरोधकांचे म्हणणे होते. मला दोन्ही पटते. 'वीस पाच' ही चालायला शिकतानाची काठी आहे. पाय स्थिर झाले की ती सोडून द्यावी.

आमच्या मुलांची अडचण इथेच संपत नाही. मराठीत एकोणतीस म्हणजे २९ आणि एकतीस म्हणजे ३१. घरात उनतीस, शाळेत एकोणतीस. घरात उनसठ, शाळेत एकोणसाठ. ऐकायला जवळचे, पण एक नव्हे. दोन गोष्टी जितक्या सारख्या, तितकी त्यांची धक्काबुक्की जास्त. साखरेचा डबा वरच्या फळीवरून खाली ठेवला, तरी आपला हात काही दिवस वरच जातो. तिथे जुनी सवय नव्या माहितीला अडवते. कधी नवीन शिकलेले जुन्यावर चढते. डोके ठीकच असते, फक्त वाटेत गर्दी झालेली असते.

याचा अनुभव आपल्याला दर रमजानमध्ये येतो. पूर्ण कुरआन पाठ असलेले हाफिजसाहेबही तरावीहमध्ये कधी एका आयतीवरून तिच्यासारख्याच दुसऱ्या आयतीकडे वळतात. मागे उभा असलेला सामे लुकमा देतो आणि नमाज पुढे चालते. अशा मिळत्याजुळत्या आयतींना मुतशाबिहात म्हणतात आणि हाफिज मंडळी दौर करताना त्यांच्यातला फरक मुद्दाम पक्का करतात. तिथे हाफिजसाहेबांचे डोके कच्चे आहे असे कोणी म्हणत नाही. मग सात वर्षांच्या पोराला आपण का म्हणतो?

पालकांनी घरी काय करावे? सारख्या वाटणाऱ्या संख्या एकाच दिवशी शिकवू नयेत. आधी २९ पक्की होऊ द्यावी. मग ३१ शेजारी लिहून फरक मुलालाच सांगायला लावावा. अभ्यासाच्या वेळी टीव्ही बंद ठेवावा. १९७६ मध्ये अमेरिकेत कॉल आणि वेल्श यांनी अक्षरे लक्षात ठेवणाऱ्या विद्यार्थ्यांना जर्मन बोलणे ऐकवले. भाषा समजत नव्हती, तरी चुका वाढल्या. मग समजणारी मालिका किती नडत असेल!

पाठांतर करून मूल झोपले तर ते वाया जात नाही. १९२४ मध्ये जेंकिन्स आणि डॅलेनबाख यांनी दोन विद्यार्थ्यांना दहा-दहा निरर्थक अक्षरगट पाठ करायला दिले. आठ तास झोपून उठल्यावर त्यांना निम्म्याहून जास्त आठवले. तेवढाच वेळ जागे राहून इतर कामे केल्यावर जेमतेम एखादा.

आणि रागावू नये. भीतीही त्याच लहानशा पाटीवर जागा अडवते. "सगळे हसतील" हा विचार तिथे बसला की पाच धरायला जागा उरत नाही. त्या दिवशी ती जागा मीच अडवली होती.

त्या अम्मीला मी सांगितले, "दिमाग पक्का आहे त्याचा. कान तर फारच पक्के आहेत." मुलाची माफीही मागितली, वर्गासमोरच. आता तो संख्या ऐकतो, ओठांत 'वीस पाच' पुटपुटतो आणि २५ लिहितो. कधी चुकतो, थांबतो, स्वतःच खोडतो. मी तेवढा वेळ गप्प उभी राहते.