अत्तर, सेंट आणि कोलन-वॉटर

घरांत कोणास ताप चढला म्हणजे आई कपाळावर कोलन-वॉटरची घडी ठेवी. लग्नसमारंभांत यजमान पाहुण्यांच्या मनगटावर अत्तराचा फाया फिरवी. आणि शहरांतून आलेले आप्त कोटावर सेंट शिंपडून येत. तिन्हींचा वास गोड, म्हणून लहानपणीं आम्ही तीं एकच वस्तु समजत असूं. पुढें एका वृद्ध शिक्षिकाबाईंस निवृत्तीच्या वेळीं भेट द्यावयाची म्हणून आम्हीं बाजारांतून सेंटची एक बाटली आणली. बाटली मोठी आणि किंमत बेताची, म्हणून आम्हांस धन्यता वाटली. कांहीं दिवसांनीं बाई हंसून म्हणाल्या, "मास्तर, सुवास फार गोड आहे हो, पण घरून निघून देवळांत पोहोंचेपर्यंत तो निघून जातो." बाटलीवर 'कोलोन' असें स्पष्ट छापलेलें होतें, त्या शब्दाचा अर्थ मात्र आम्हांस ठाऊक नव्हता. तो आमच्या वाचकांस ठाऊक असावा, एवढ्याचसाठीं हा लेख.

पाश्चात्य पद्धतीच्या सुगंधी द्रव्यांत मुख्यतः तीन पदार्थ असतात: सुगंधी अर्क, मद्यार्क म्हणजे स्पिरिट, आणि थोडें पाणी. सुगंधी अर्क फुलें, फळांच्या साली, लांकूड, मुळें यांपासून काढतात, किंवा रसायनशाळेंत तयार करतात. निरनिराळ्या नांवांतील भेद मुख्यतः या अर्काच्या प्रमाणाचा आहे. 'पार्फम' म्हणतात त्यांत अर्क साधारणतः शेंकडा २० ते ३० असतो. 'ओ द पार्फम' यांत १५ ते २०. 'ओ द त्वालेत' यांत ५ ते १५. आणि कोलोनमध्यें अवघा २ ते ५. हे आंकडे रूढीचे आहेत, कायद्याचे नव्हेत. कारखान्यागणिक त्यांत फरक पडतो.

आतां थोडें गणित करूं. १०० मिलिलिटरच्या कोलोनच्या बाटलींत शेंकडा ४ अर्क असेल, तर एकंदर अर्क ४ मिलिलिटर झाला. २० मिलिलिटरच्या पार्फमच्या कुपींत तो शेंकडा २५ असेल, तर ५ मिलिलिटर झाला. म्हणजे लहान कुपींत मोठ्या बाटलीहून अधिक अर्क! बाटलीच्या आकारावरून किंमत ठरविणारा ग्राहक येथेंच फसतो. आम्हीही तसेच फसलों.

परंतु कोलोन म्हणजे हलक्या प्रतीचें सेंट, असें मात्र कोणी समजूं नये. त्याचा हेतूच निराळा आहे. योहान मारिया फारिना नांवाचा एक इटालियन गृहस्थ जर्मनींतील कोलोन शहरीं येऊन राहिला. त्याच्या घराण्याची पेढी तेथें १७०९ सालीं निघाली. लिंबू, संत्रें, बर्गमोट यांच्या सालींचा त्याचा अर्क लोकांस इतका आवडला कीं, 'कोलोनचें पाणी' या अर्थाचें फ्रेंच नांव जगभर पसरलें. नेपोलियन बादशहा तें मुबलक वापरीत असे. अशा फळांचे वास हलके, म्हणून लवकर उडतात. चंदनासारखे जड वास मागें रेंगाळतात. कोलोन हें न्हाल्यावर ताजेपणा देण्यासाठीं आहे, दिवसभर दरवळण्यासाठीं नव्हे. आजकाल अमेरिकेंत पुरुषांच्या कोणत्याही सेंटला 'कोलोन' म्हणतात. तेव्हां नुसत्या नांवावर भिस्त ठेवूं नये.

आपलें अत्तर या सर्वांहून वेगळें. कनोज येथें तांब्याच्या मोठ्या भांड्यांत फुलें व पाणी घालून खालीं जाळ करतात. वाफ नळीवाटे दुसऱ्या भांड्यांत जाते. तेथें परंपरेनें चंदनाचें तेल ठेवलेलें असतें, आणि फुलांचा वास त्यांत मुरतो. अशा अत्तरांत मद्यार्क नसतो. म्हणूनच कानांत ठेवलेला फाया संध्याकाळपर्यंत वास देतो.

मद्यार्काविषयीं मातापित्यांस एक सूचना करावीशी वाटते. कोलन-वॉटरच्या घडीनें कपाळ गार होतें, कारण स्पिरिट उडून जातांना उष्णता घेऊन जातें. पण तें औषध नव्हे. स्पिरिट त्वचेवाटे व श्वासावाटे मुलाच्या अंगांत शिरूं शकतें, म्हणून तापांत त्यानें मुलांचें अंग पुसूं नये, असें आज डॉक्टर सांगतात. साध्या पाण्याची घडी पुरे. तसेंच पेटता दिवा किंवा शेगडी जवळ असतां असलें द्रव्य अंगावर शिंपडूं नये. तें चट्कन पेट घेतें.

योहानाच्या शुभवर्तमानांत बेथानीची मरीया प्रभु येशूच्या चरणांस जटामांसीचें सुगंधी तेल लाविते. जटामांसी ही आपल्या हिमालयांतली वनस्पति. त्या तेलाची किंमत तीनशें दीनार, म्हणजे मजुराची जवळजवळ वर्षाची कमाई होती. यहूदानें तेवढी किंमतच पाहिली. घर मात्र सुवासानें भरून गेलें.

आमच्या बाईंनीं ती बाटली टाकून दिली नाहीं. दर रविवारीं रुमालावर दोन थेंब घालून त्या उपासनेस येत, आणि शेवटच्या थेंबापर्यंत त्यांनीं ती वापरली. वस्तूची जात ओळखून पैसे द्यावे, हें शहाणपण; देणाऱ्याचा भाव ओळखून वस्तु घ्यावी, हें त्याहून मोठें शहाणपण. पहिलें आम्हीं येथें सांगितलें. दुसरें बाईंनीं आम्हांस शिकविलें.