संत पौलाचे प्रवास आणि पंगतीचा प्रश्न

मागच्या व्याख्यानात आपण सेनेकाबद्दल बोलत होतो. शेवटी एका श्रोत्यानं विचारलं, "सर, सेनेका रोममध्ये लिहीत होता, तेव्हा ख्रिस्ती लोक कुठे होते?" प्रश्न चांगला होता, पण उत्तर दोन मिनिटांत देण्यासारखं नव्हतं, म्हणून आजचा तास त्यालाच. त्या पिढीतल्या ज्या एका ख्रिस्ती माणसाबद्दल आपल्याला सर्वांत जास्त माहिती आहे, तो वाटेवर होता. त्याचं नाव पौल. किलिकिया प्रांतातल्या तार्स गावचा यहुदी, परूशी पंथाचा, आणि आधी ख्रिस्ती मंडळींचा छळ करणारा.

बायबलच्या शेवटच्या पानांवर पौलाच्या प्रवासांचे नकाशे तुम्ही पाहिले असतील. तीन रंगांत तीन प्रवास आणि चौथी रेघ रोमला जाणारी. दिसायला फार सुबक. पण पौल स्वतः कुठेही 'माझा पहिला प्रवास', 'माझा दुसरा प्रवास' असं म्हणत नाही. ही विभागणी 'प्रेषितांची कृत्ये' या ग्रंथावरून लोकांनी नंतर केली. परंपरा हा ग्रंथ लूकच्या नावावर देते, आणि तो पौलानंतर लिहिला गेला असं बहुतेक अभ्यासक मानतात. दुसरं साधन म्हणजे पौलाची पत्रं. त्याच्या नावावर १३ आहेत, त्यांतली ७ निर्विवाद त्याचीच मानली जातात. माझा नियम साधा आहे: दोन्हींत फरक पडला, की पहिला कौल पत्राला. एक उदाहरण देतो. करिंथकरांना लिहिलेल्या दुसऱ्या पत्रात पौल सांगतो की त्याचं जहाज तीनदा फुटलं आणि एक रात्र आणि एक दिवस त्यानं समुद्रात काढला. 'कृत्ये'मध्ये जहाज फुटल्याची गोष्ट एकच, माल्टा बेटाजवळची, आणि ती या पत्राच्या नंतरची! म्हणजे आधीच्या तिन्हींचा नकाशावर पत्ताच नाही.

मग तारखा कुठून आल्या? त्याचं उत्तर आपल्याला पुन्हा सेनेकाच्या घरात नेतं. करिंथमध्ये पौलावर फिर्याद झाली, ती तिथल्या रोमन सुभेदारापुढे, गल्लियोपुढे. हा गल्लियो सेनेकाचा सख्खा थोरला भाऊ. सेनेकानं क्रोधावरचा आपला ग्रंथ त्यालाच उद्देशून लिहिला आहे. फिर्याद ऐकून गल्लियो म्हणाला की हा तुमच्या धर्मशास्त्रातला वाद आहे, तुम्हीच बघा, आणि त्यानं सगळ्यांना न्यायासनापुढून हाकलून दिलं. डेल्फीला सम्राट क्लॉडियसच्या एका पत्राच्या शिलालेखाचे तुकडे सापडले. त्यात गल्लियोचं नाव आहे, आणि सम्राटाच्या बिरुदांवरून तो लेख इ. स. ५२चा ठरतो. म्हणजे गल्लियोचा कारभार ५१-५२च्या सुमाराचा. पौलाच्या आयुष्यातली ही एक खुंटी पक्की झाली. बाकीच्या तारखा तिच्यापासून मागे-पुढे मोजायच्या.

आता प्रवास व्हायचा कसा? पायी आणि जहाजानं. हिवाळ्यात भूमध्य समुद्रातली वाहतूक जवळजवळ बंद असायची, त्यामुळे असेल त्या बंदरात मुक्काम. मासेदोनियात शिरल्यावर रोमनांनी बांधलेला एग्नेशियन मार्ग मिळे. फिलिप्पै आणि थेस्सलनीका दोन्ही त्याच रस्त्यावर. आणि पोटाचं काय? पौलाच्या हातात तंबू शिवण्याचा धंदा होता. ज्या गावात ओळख नाही, तिथे त्याच धंद्यातला माणूस गाठायचा. करिंथमध्ये त्याला अक्विला आणि प्रिस्किल्ला हे जोडपं भेटलं. तेही तंबू करणारे, क्लॉडियसनं रोममधून यहुद्यांना बाहेर काढलं तेव्हा तिथे आलेले. पौल त्यांच्याकडेच राहिला. तिथे त्यानं दीड वर्ष काढलं. करिंथच्या सधन लोकांचे पैसे त्यानं घेतले नाहीत, आणि याचा त्यांना राग आला! पैसे घेतले की माणूस आश्रित होतो, हे त्याला ठाऊक होतं. फिलिप्पैकरांची मदत मात्र त्यानं घेतली. सुसंगती शोधायला जाऊ नका, माणसं पाहून तो वागत असावा.

तत्त्वज्ञानाच्या प्राध्यापकानं खरं तर अथेन्सवर तास घालवावा: स्टोइक, एपिक्युरियन, 'अज्ञात देवा'ची वेदी, अरियपागावरचं भाषण. भाषण सुंदर आहे. त्यात ज्या कवीचा आधार घेतला आहे, तो अराटस तार्सजवळच्या सोली गावाशीच जोडलेला आहे. पण अथेन्सकरांना लिहिलेलं पौलाचं एकही पत्र नाही. करिंथला मात्र दोन आहेत, कारण भांडणं तिथे होती. तेव्हा पुढे जाऊ या.

माझ्या मते पौलाच्या प्रवासांचं मर्म अंत्युखियात घडलेल्या एका प्रसंगात आहे. हे शहर ओरोंटिस नदीवर, साम्राज्यातल्या सर्वांत मोठ्या शहरांपैकी एक. आजचं तुर्कस्तानातलं अंताक्या, २०२३च्या भूकंपात उद्ध्वस्त झालेलं. 'ख्रिस्ती' हे नाव पहिल्यांदा पडलं ते तिथे, असं 'कृत्ये' सांगतं. तिथल्या मंडळीत यहुदी होते आणि परराष्ट्रीय, म्हणजे यहुदी नसलेले, लोकही होते. यहुद्यांचे खाण्यापिण्याचे नियम कडक. यरुशलेमात सगळेच यहुदी, तिथे प्रश्न उभाच राहत नव्हता. पण माणूस उत्तरेकडे चालू लागला की रोज संध्याकाळी कुणाच्या तरी घरी उतरतो. त्या घरी जेवायचं की नाही?

हा प्रश्न किती खोल जातो, हे मराठी श्रोत्याला समजावून सांगायला नको. लहानपणी आमच्या गावी लग्नात कोणाची पान कुठे मांडायची, हे न बोलता ठरलेलं असायचं. मी ते पाहिलं आहे आणि त्या पंगतींत बसलोही आहे.

तर अंत्युखियात पेत्र आला. येशूचा ज्येष्ठ शिष्य. तो सर्वांबरोबर जेवत होता. मग यरुशलेमहून याकोबाकडची, म्हणजे येशूच्या भावाकडची माणसं आली, आणि पेत्र हळूहळू वेगळा बसू लागला. बाकीचे यहुदीही त्याच्यामागे उठले. बर्णबासुद्धा! हा बर्णबा पौलाचा सोबती, त्याला हाताला धरून मंडळीत आणणारा. पौलानं पेत्राला सर्वांसमोर तोंडावर सुनावलं. हे आपल्याला कळतं ते पौलाच्याच गलतीकरांना लिहिलेल्या पत्रातून.

इथे एक गोष्ट नीट समजून घ्या. त्या काळी वेगळं प्रार्थनामंदिर नव्हतं. लोक कुणाच्या तरी घरी जमत, एकत्र भाकर मोडत, आणि ते जेवण हीच उपासना असे. तेव्हा 'उपासना एकत्र, जेवण वेगळं' अशी सोय उपलब्धच नव्हती. वेगळं बसणं म्हणजे समोरच्याला सांगणं, की तू अजून पुरता आत आलेला नाहीस. आधी सुंता कर, नियम पाळ, मग बघू. पौलाचं म्हणणं असं, की विश्वासानं तो आत आलाच आहे, आता तुम्ही वेगळी अट घालू शकत नाही. विश्वासानं नीतिमान ठरण्याचा त्याचा सिद्धान्त आपण पाठ्यपुस्तकात अमूर्त म्हणून शिकतो. त्या पत्रात तो जेवणाच्या या भांडणाला लागूनच मांडला आहे.

वादात कोण जिंकलं? पौल सांगत नाही. जिंकला असता तर लिहिलं असतं, असं मला वाटतं. 'कृत्ये' या प्रसंगाबद्दल गप्प आहे. पौल आणि बर्णबा यांची फारकत झाली हे तिथे आहे, पण कारण वेगळं दिलंय: मार्काला बरोबर न्यायचं की नाही. पुढचा प्रवास पौलानं सीलाला घेऊन केला.

आणि पंगत काही त्याचा पिच्छा सोडत नाही. करिंथमध्ये यहुदी-परराष्ट्रीय हा भेद मागे पडला, तर श्रीमंत-गरीब हा पुढे आला. सवड असलेले आधी येऊन खात-पीत, आणि काहींच्या वाट्याला उपास. पौल तिथेही चिडला. पण त्याची मर्यादाही सांगितली पाहिजे. घरी खा म्हणाला, घरातली विषमता तशीच राहिली. अनेसिम नावाच्या दासाला त्यानं धन्याकडे परत पाठवलं. बरोबर मायेचं पत्र दिलं, बंधू समजून त्याचा स्वीकार कर असं सांगितलं, पण दास्यप्रथेवर बोट ठेवलं नाही.

शेवटचा प्रवास यरुशलेमचा. मासेदोनिया आणि अखया प्रांतांतल्या परराष्ट्रीय मंडळ्यांकडून त्यानं यरुशलेमच्या गरिबांसाठी पैसे गोळा केले होते. पंगतीत बसू न देणाऱ्यांकडे आपल्या हातानं शिधा घेऊन जाण्यासारखं होतं ते. रोमकरांच्या पत्रात तो प्रार्थना करायला सांगतो, की यरुशलेमकरांना ही मदत मान्य व्हावी. म्हणजे नाकारली जाईल, ही धास्ती त्याला होती. तिथून रोमला आणि पुढे स्पेनला जायचा बेत होता.

यरुशलेमात त्याला पकडलं ते मंदिरात. आरोप काय? परराष्ट्रीय माणसाला आतल्या आवारात आणलं. त्या आवाराच्या कठड्यावर ग्रीक भाषेत ताकीद कोरलेली होती, की परका आत शिरला तर आपल्या मरणाला तो स्वतः जबाबदार. तसा एक दगड १८७१ साली सापडला आणि आज तो इस्तंबूलच्या संग्रहालयात आहे. तो दगड आणि अंत्युखियातली वेगळी पंगत मी एकाच ओळीत मांडतो.

पुढे कैसरियात दोन वर्षं कैद, मग जहाज, माल्टाजवळची ती प्रसिद्ध फूट, त्यात २७६ माणसं होती असा आकडा 'कृत्ये' देतं, आणि अखेर रोम. ग्रंथ संपतो तेव्हा पौल स्वतःच्या खर्चानं घेतलेल्या बिऱ्हाडात दोन वर्षं राहतो आहे, आणि येईल त्याला आत घेतो आहे. खटल्याचा निकाल दिलेला नाही.

राहता राहिले ते गोळा केलेले पैसे. 'कृत्ये'मध्ये सुभेदारापुढच्या जबाबात पौल दानधर्म घेऊन आल्याचं एका वाक्यात बोलतो, तेवढाच उल्लेख. यरुशलेमकरांनी ते घेतले की नाही, हे त्या ग्रंथात कुठेही लिहिलेलं नाही.