अहवालापासून वहीपर्यंत

वनहक्क कायदा 2006 चा. त्याचे नियम 1 जानेवारी 2008 रोजी लागू झाले. त्यातला तेरावा नियम पुराव्यांचा आहे. जंगलावर हक्क सांगायचा तर काय काय दाखवता येईल, याची ती यादी. गॅझेटिअर, जनगणना, जमाबंदीचे अहवाल, नकाशे हे सुरुवातीला. पुढे चालीरीतींवरचे अभ्यास, नामांकित संस्थांनी केलेले. जुन्या विहिरी, दफनभूमी, देवस्थाने. आणि बरेच खाली, वडीलधाऱ्यांचे लेखी उतरवून घेतलेले कथन.

गोंडपिपरी तालुक्यातल्या एका गावाची दाव्याची फाइल तयार होत होती. लिहिता येणारा माणूस हवा म्हणून मला बोलावले, तेव्हा ही यादी मी पहिल्यांदा नीट वाचली. वाचता वाचता लक्षात आले, की चांदा (आजचे चंद्रपूर) आणि गडचिरोलीच्या जंगलावर दीडशे वर्षांत जी पुस्तके लिहिली गेली, त्यांतली निम्मी तरी या यादीत बसतात. वाचनालयाच्या कपाटातली ती जाडजूड पुस्तके एकाएकी कागदपत्रे झाली होती. ती कोणी, कशासाठी लिहिली आणि गावाच्या कामाला किती आली, याचा हा मागोवा.

गोंडपिपरी वर्धा आणि वैनगंगेच्या मधली. खाली चपराळ्याजवळ दोन्ही नद्या एक होतात आणि पुढे प्राणहिता वाहू लागते. गावाच्या नावातच गोंड आहे. पण गोंडांवरची सुरुवातीची पुस्तके इथल्या माणसाला वाचता येतील अशा भाषेत नव्हती.

पहिले नाव स्टीफन हिस्लॉप यांचे. स्कॉटलंडचे हे मिशनरी 1845 च्या सुमारास नागपुरात आले, गावोगाव हिंडले, गोंडी शिकले. 1863 च्या सप्टेंबरात टाकळघाटची जुनी दफनस्थळे पाहून परतताना पुराच्या ओढ्यात ते बुडाले. मागे राहिलेली टिपणे मध्य प्रांताचे चीफ कमिशनर रिचर्ड टेंपल यांनी संपादित करून 1866 मध्ये छापली. लिंगोचे गोंडी गीत त्यातच पहिल्यांदा कागदावर आले. गुहेत कोंडलेल्या गोंडांना लिंगोने कसे सोडवले, त्यांच्या शाखा कशा पाडल्या, देव कसे वाटून दिले, याची ही कथा परधान मंडळी पिढ्यानपिढ्या गात आली. किंगरीवर रात्रभर चालणारे गाणे रोमन अक्षरांत बसले. पाच वर्षांनी, 1871 मध्ये, कॅप्टन फोर्साइथ यांनी आपल्या मध्य भारतावरच्या पुस्तकात त्याचा इंग्रजी पद्यात संक्षेप केला, आणि तोही अमेरिकेतल्या 'हायवाथा' काव्याच्या चालीवर. लिंगो लंडनच्या वाचकापर्यंत पोचला तो असा, उसन्या चालीवर.

हिस्लॉप यांना गोंडांबद्दल कुतूहल होते. त्यांच्या मागून आले ते सरकार, आणि त्याला सारा हवा होता. 1869 चा चांदा जिल्ह्याचा जमाबंदी अहवाल मेजर ल्युसी-स्मिथ यांचा. कोणत्या गावात किती नांगर, कोणाकडे किती जमीन, ही त्यातली मुख्य बाब. पण साहेबांना इतिहासाचीही आवड होती. दंतकथा आणि वंशावळी जमवून त्यांनी चांद्याच्या गोंड राजांची हकीकत लिहिली. 1751 मध्ये हे राज्य नागपूरकर भोसल्यांकडे गेले, तिथपर्यंतची ती साखळी. त्यातल्या सनावळीबद्दल पुढे पुष्कळ वाद झाले, तरी चंद्रपूरच्या इतिहासावर लिहिणारा प्रत्येक जण पहिले पाऊल त्याच अहवालावर ठेवून पुढे गेला. अ. ज. राजूरकर यांचा 'चंद्रपूरचा इतिहास' आला तेव्हा कुठे ही सगळी हकीकत मराठीत एका जागी वाचायची सोय झाली.

अहवाल लिहिला गेला तेव्हा बाबुराव शेडमाके यांच्या फाशीला जेमतेम 11 वर्षे झाली होती. मोलमपल्लीच्या या तरुण जमीनदाराने 1858 मध्ये इंग्रजांविरुद्ध माणसे उभी केली. एप्रिलच्या अखेरीस प्राणहितेकाठी चिंचगुंडीजवळ तारखात्याचे दोन गोरे कामगार मारले गेले. पुढे अहेरीच्या जमीनदारीण लक्ष्मीबाई यांच्या मदतीने इंग्रजांनी बाबुरावांना धरले आणि 21 ऑक्टोबर 1858 रोजी चांद्याच्या तुरुंगात फाशी दिली. सरकारी लेखनात ते बंडखोर जमीनदार होते. आज त्याच दिवशी तुरुंगाच्या आवारातल्या पिंपळाखाली लोक जमतात. 2009 मध्ये त्यांचे टपाल तिकीट निघाले. ही घटना आपल्याला ठाऊक आहे ती बव्हंशी बंड मोडणाऱ्यांच्याच कागदांतून, हेही खरे. आज अभिमानाने सांगितले जाणारे कितीतरी तपशील मूळचे आरोपपत्राचे आहेत.

अलेक्झांडर कनिंगहॅम यांनी 1873 ते 1875 या काळात मध्य प्रांताचा दौरा केला. त्याचा अहवाल पुरातत्त्व खात्याच्या मालिकेत नववा खंड म्हणून 1879 मध्ये निघाला. भांदकची लेणी आणि वैनगंगेकाठची मार्कंड्याची देवळे त्यात सविस्तर आली आहेत. देवळांची मापे आहेत, शिल्पांची वर्णने आहेत. महाशिवरात्रीला मार्कंड्याला जाणाऱ्या माणसाला या खंडाची गरज नाही. पण दगड ढासळत गेले की जुन्या मोजमापांची किंमत कळते.

1909 मध्ये चांदा जिल्ह्याचे गॅझेटिअर आले. 1916 मध्ये रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांचे मध्य प्रांतातल्या जाती-जमातींवरचे चार खंड लंडनहून निघाले. हिरालाल कटनीकडचे. प्रांतातल्या शिलालेखांची सूची त्यांचीच, आणि या चार खंडांतली इथल्या मातीची माहितीही पुष्कळशी त्यांच्यामुळेच आली असणार. पुस्तकाची मांडणी मात्र वर्णानुक्रमे. माणसे अक्षरांच्या रांगेत उभी. प्रत्येकाचे मूळ, लग्न, मृत्यू, देव, धंदा. पुढची शंभर वर्षे सरकारी कचेरीत कोणी 'गोंड म्हणजे कोण' असे विचारले की हेच खंड काढले जात.

त्या खंडांतल्या गोंडांवरच्या प्रकरणाची झेरॉक्स मी फाइलीसाठी नेली होती. चार देवांचे, पाच देवांचे, सहा देवांचे, सात देवांचे अशा विभागण्या, त्यांतली कुळे, कोणाची सोयरीक कोणाशी चालते, हे सगळे मी रात्री वाचून गेलो होतो. ओट्यावर बसलेल्या म्हाताऱ्याने माझ्याकडे पाहिले आणि पहिलाच प्रश्न टाकला, "मास्तर, तुमी किती देवाचे?" मी गप्प. तो हसला. मी रात्रभर वाचलेले त्याच्याकडे एका प्रश्नात होते, आणि मी त्या हिशेबात कुठेच बसत नव्हतो.

तीस-चाळीसच्या दशकांत लेखकांची जात बदलली. जमाबंदीवाले मागे पडले, गावात मुक्काम ठोकणारे आले. ग्रिगसन यांचे बस्तरच्या माडियांवरचे पुस्तक 1938 चे. भामरागडचे माडिया त्यांचेच भाऊबंद. व्हेरिअर एल्विन यांचे मुरिया आणि त्यांच्या घोटुलवरचे, म्हणजे तरुण मुलामुलींच्या सामूहिक घरावरचे, पुस्तक 1947 चे. अभ्यास म्हणून ते मोठेच, पण शहरी वाचकाने त्यातले तेवढेच उचलले जे त्याला चघळायला हवे होते. आपल्याकडच्या गोटुलकडेही तो त्याच नजरेने पाहू लागला.

वर्धेपलीकडे निजामाचे राज्य होते. आज चंद्रपूर जिल्ह्यात असलेला राजुरा तेव्हा आदिलाबाद जिल्ह्यात होता. जल-जंगल-जमिनीसाठी उठलेले कोमराम भीमू 1940 मध्ये मारले गेले. मग गोंड का उठले हे पाहायला निजाम सरकारने ख्रिस्तोफ फॉन फ्युरर-हायमेनडॉर्फ या ऑस्ट्रियन अभ्यासकाला धाडले. 1948 मध्ये त्यांचे राजगोंडांवरचे पुस्तक आले. पण मला त्याहून मोलाचे वाटते ते मारलवाईचे काम. 1943 मध्ये तिथे गोंड तरुणांना शिक्षक म्हणून तयार करायला सुरुवात झाली, गोंडी वाचनपाठ तयार झाले. बाहेरून आलेल्या विद्येतून पहिल्यांदाच काहीतरी गोंडाच्या पोराच्या हातात पडले. त्याच आदिलाबादेत निजामाच्या नोकरीत असलेले आपले सेतुमाधवराव पगडी गोंडी शिकले. पन्नासच्या दशकात त्यांनी गोंडीचे व्याकरण लिहिले, तेही इंग्रजीतच. शिवकालाचे इतिहासकार म्हणून महाराष्ट्र त्यांना ओळखतो. हे व्याकरण फार थोड्यांना ठाऊक आहे.

कनिंगहॅम यांचा खंड निघाला त्याला 1979 मध्ये शंभर वर्षे झाली. त्याच वर्षी भद्रावतीला, म्हणजे त्यांच्या भांदकला, पहिले आदिवासी साहित्य संमेलन भरले. योगायोगच, पण डोळ्यांत भरणारा. ज्या गावची लेणी बाहेरच्याने मोजली, तिथे आतल्यांनी एकमेकांना वाचून दाखवले. पुढे विनायक तुमराम यांची 'गोंडवन पेटले आहे'सारखी कविता आणि आदिवासी साहित्यावरचे समीक्षालेखन आले. उषाकिरण आत्राम लिहू लागल्या. नागपूरला रिझर्व्ह बँकेत नोकरी करता करता मोतीरावण कंगाली यांनी गोंडी भाषा, पारी कुपार लिंगो आणि कोया पुनेम (गोंडी धर्म) यांवर हिंदीत पुस्तकांमागून पुस्तके लिहिली. कचारगडच्या यात्रेत ही पुस्तके चादरीवर मांडून विकली जातात. हिस्लॉप यांच्या पानांवरून लिंगो यात्रेत परतला तो असा, स्वस्त कागदावर.

या पुस्तकांतले सगळेच विद्वानांना पटणारे नाही. सिंधू लिपी गोंडीतून वाचता येते हा कंगाली यांचा दावा अभ्यासकांनी मान्य केलेला नाही, आणि तो तपासूनच घ्यायला हवा. पण ज्यांच्याबद्दल शंभर वर्षे फक्त इतरांनी लिहिले, त्यांच्यातला कोणी लिहू लागतो तेव्हा तो आधी मूळ शोधतो आणि ते जितके मागे नेता येईल तितके नेतो. ल्युसी-स्मिथ यांच्या सनावळीही पुढे मोडल्याच की. लिपीच्या बाबतीत ठोस कामही झाले. मसराम यांनी 1918 मध्ये मांडलेली गोंडी लिपी 2017 मध्ये युनिकोडमध्ये आली. आदिलाबादच्या गुंजाळा गावात सापडलेल्या हस्तलिखितांची लिपी पुढच्याच वर्षी, 2018 मध्ये.

आता धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाकडे येऊ. तिथल्या लोकांनी जंगलातले लाकूड आणून रिवाजाप्रमाणे गोटुल उभारले. वनखात्याने ते मोडले. आसपासच्या गावांनी साथ दिली आणि ते पुन्हा उभे राहिले. एल्विन यांच्या पुस्तकाने ज्या घराला जगभर भलत्याच कारणाने प्रसिद्धी मिळवून दिली, ते इथे गावाच्या बैठकीचे ठिकाण झाले. मेंढ्याचे अभ्यासगट कायदे वाचत, निस्तार हक्कांच्या, म्हणजे घरगुती गरजांसाठी जंगल वापरण्याच्या हक्कांच्या, जुन्या नोंदी धुंडाळत. 2009 मध्ये या गावाला 1,809 हेक्टरवर सामूहिक वनहक्क मिळाला. देशातल्या अगदी पहिल्या काही गावांत मेंढा होते. एप्रिल 2011 मध्ये बांबूच्या वाहतूक परवान्याचे पुस्तक ग्रामसभेच्या हातात आले. दीडशे वर्षांच्या या ग्रंथसूचीत मी त्या पावती-पुस्तकालाही जागा देतो. मिलिंद बोकील यांनी 'गोष्ट मेंढा गावाची' लिहिली, आणि मग आमच्याकडची 'कहाणी पाचगावची'.

पाचगाव गोंडपिपरी तालुक्यातले. 2012 मध्ये या छोट्या गावाला हजार हेक्टरच्या आसपास जंगल मिळाले. बांबू ग्रामसभा तोडते, ग्रामसभा विकते. तेंदूपत्त्याचा रोख पैसा समोर दिसत असताना गावाने तो तोडायचा नाही असे ठरवले. पानांसाठी फांद्या छाटल्या जातात आणि आगी लागतात म्हणून. बैठकांवर बैठका घेऊन शंभराहून अधिक नियम ठरले आणि लिहून काढले गेले. बोकील बाहेरचेच. पण त्यांच्या पुस्तकाआधी गावाची स्वतःची वही तयार होती. हिस्लॉप आले तेव्हा अशी वही नव्हती, गाणे होते.

पुन्हा त्या ओट्यावर. नियमात 'वडीलधाऱ्यांचे कथन' म्हटले आहे, म्हणून म्हातारा सांगत होता आणि मी लिहीत होतो. शीव कुठून कुठे, हे तो जागांच्या नावांनी सांगत नव्हता. जिथे त्याच्या बापाने बैल सोडले होते तो मोह. जिथे मोठ्या पाण्यात गाय अडकली होती तो नाल्याचा वाक. मी सवयीने लिहिले, 'पश्चिमेस नाला, उत्तरेस मोहाचे झाड.' लिहून झाल्यावर तो म्हणाला, वाचून दाखव. मी वाचले. त्याने शांतपणे ऐकले आणि विचारले, "हा कोनाचा आहे? मी असा नाही बोललो."

मी पान फाडले आणि त्याने सांगितले तसे पुन्हा लिहिले. बैल, बाप, गाय, मोठे पाणी. दुसऱ्यांदा वाचले तेव्हा तो मध्येच थांबवून म्हणाला, गाय तांबडी होती. तेही घातले. मग त्याने अंगठा उमटवला.

तेराव्या नियमात पुढे असेही आहे, की ग्रामसभेने एकापेक्षा जास्त पुरावे पाहावेत. नुसते पुस्तक पुरत नाही, नुसते कथनही पुरत नाही. म्हणून फाइलीत आम्ही इंग्रजी अहवालाची झेरॉक्स ठेवली, आणि तिच्यामागे टाचणीने लावले तांबड्या गाईचे पान.