काळाचे रुग्ण

कर्ट व्हॉनेगटची ‘स्लॉटरहाउस-फाइव्ह’ १९६९मध्ये आली. तिचा नायक बिली पिल्ग्रिम हा डोळे तपासून चष्मे देणारा साधा गृहस्थ, पण काळाशी असलेली त्याची गाठच सुटलेली आहे. बसल्या जागी तो युद्धकैदी होतो आणि कैदेतून थेट स्वतःच्या म्हातारपणात जाऊन पडतो. फेब्रुवारी १९४५मध्ये ड्रेस्डेनवर बॉम्बवर्षाव झाला, तेव्हा व्हॉनेगट स्वतः तिथल्या कत्तलखान्याच्या तळघरात युद्धकैदी होता. युद्धावरून परतलेल्यांच्या अंगावर भूतकाळ पुन्हा पुन्हा कोसळतो, हे त्याने कल्पित आजारातून सांगितलं. अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या निदानसूचीत अशा आघातोत्तर विकाराचं ‘पीटीएसडी’ हे नाव दाखल झालं १९८०मध्ये, म्हणजे कादंबरीनंतर अकरा वर्षांनी.

तेव्हापासून असे काळाचे रुग्ण कथा-पटकथांमधून येतच राहिले. त्यांच्याकडे पाहताना मी एकच कसोटी लावतो: लेखकाने आजाराची किंमत मोजली आहे का?

ऑड्री निफेनेगरने ती पै-पैने मोजली. ‘द टाइम ट्रॅव्हलर्स वाइफ’ (२००३) मधला हेन्री शिकागोच्या न्यूबेरी ग्रंथालयात काम करतो. त्याचा विकार जनुकीय आहे. मनावर ताण आला, दिवे झगमगले की झटका येतो आणि तो दुसऱ्याच सालात जाऊन पडतो. जाताना अंगावरचं सूतही बरोबर जात नाही. दातांत भरलेलं फिलिंगसुद्धा मागे राहतं. म्हणून हा सुशिक्षित ग्रंथपाल उघडानागडा, थंडीत कुडकुडत, कपडे चोरत, खिसे कापत, पोलिसांपासून पळत जगतो. इकडे त्याची बायको क्लेअर वाट पाहते. तिचे गर्भ एकामागून एक पडतात, कारण तो विकार गर्भातही उतरलेला असतो. निफेनेगरच्या गोष्टीत प्रेम आहेच, पण आजारपणाने घराचं काय होतं, याचं असं नेमकं चित्रण मी फार थोड्या ठिकाणी वाचलं आहे. २००९च्या चित्रपटात ही झळ बरीच सौम्य झाली.

उलट दिशेचा प्रवासही झाला. खऱ्या आजाराची गोष्ट होताना तो कल्पितच होऊन बसला. १९५३मध्ये अमेरिकेतल्या हार्टफर्डला सत्तावीस वर्षांच्या एका तरुणाच्या मेंदूवर, अपस्माराचे झटके थांबावेत म्हणून, शस्त्रक्रिया झाली. झटके कमी झाले, पण नवी आठवण साठणंच बंद झालं. मानसशास्त्रज्ञ ब्रेंडा मिल्नर त्याला आरशात पाहून चांदणी गिरवायला लावत. दिवसागणिक त्याचा हात सफाईदार होत गेला, पण हे आपण आधी केलंय, हे त्याला ठाऊकच नसे. पुढची पंचावन्न वर्षं तो असाच जगला. शास्त्रीय लेखांत तो फक्त ‘एच. एम.’ होता. २ डिसेंबर २००८ रोजी तो वारला, तेव्हा हेन्री मोलेसन हे नाव जगाला कळलं.

त्याच महिन्याच्या २५ तारखेला आपल्याकडे अशाच विस्मृतीच्या रुग्णाची गोष्ट सांगणारा हिंदी ‘गजनी’ लागला. मूळ प्रेरणा ख्रिस्तोफर नोलनच्या ‘मेमेंटो’ची (२०००). नोलनने प्रसंग उलट क्रमाने लावून प्रेक्षकालाच रुग्णाच्या जागी बसवलं होतं. ‘गजनी’त मात्र पंधरा मिनिटांची स्मृती पटकथेच्या सोयीने येते-जाते आणि आजार सुडाचं हत्यार होतो. गाणी गाजली, आमिर खानची शरीरयष्टी गाजली, आणि ‘शॉर्ट टर्म मेमरी लॉस’ कॉलेजच्या कट्ट्यावर थट्टेचा विषय झाला. मोलेसनसारख्याच्या घरच्यांवर हा अन्यायच आहे.

मराठीत या वाटेवर सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा ‘अस्तु’ हा चित्रपट आहे. त्यातला अल्झायमर खरा आहे, कल्पित काहीच नाही. मोहन आगाशे यांनी साकारलेले निवृत्त संस्कृत प्राध्यापक लहान मुलासारखे एका हत्तीमागून चालत निघून जातात. मुली त्यांना शोधत राहतात आणि तिकडे माहुताची बायको त्यांना सांभाळते. ती भूमिका करणाऱ्या अमृता सुभाषला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. तरी हा चित्रपट फार कमी लोकांनी पाहिला. घरात असं कुणी वडीलधारं असेल तर तो जरूर पाहा, आणि एकट्याने पाहू नका, भावंडांना बरोबर घेऊन बसा.