बीपीची गोळी गावातच का मिळायला हवी

रक्तदाब आणि लकवा ही शहरातल्या बैठ्या माणसांची दुखणी, खेड्यातला कष्टकरी माणूस जातो तो वय झालं म्हणून, असं आजही सर्रास मानलं जातं. गडचिरोलीतल्या ८६ गावांमधल्या मृत्यूंचा ‘सर्च’ संस्थेच्या संशोधकांनी केलेला अभ्यास २०१५ साली प्रसिद्ध झाला आणि त्यातून निघालेलं चित्र याच्या अगदी उलट होतं. तिथे मृत्यूचं सर्वांत मोठं कारण लकवा होतं. एकूण मृत्यूंपैकी १४.३ टक्के लकव्याने झाले होते आणि लकव्याने गेलेल्यांपैकी सुमारे ८७ टक्के माणसांनी घरातच प्राण सोडला. लकव्यामागचं सर्वांत मोठं कारण म्हणजे आटोक्यात न ठेवलेला रक्तदाब. तो दुखत नाही, त्यामुळे तपासायला कुणी जात नाही. आणि चक्कर आली, हात जड वाटला, तर ‘वय झालं, चालायचंच’ म्हणून घरातले गप्प बसतात. डोळ्यांचंही तसंच होतं. पन्नाशीपुढच्या लोकांच्या अंधत्वाची जी राष्ट्रीय पाहणी २०१५ ते २०१९ दरम्यान झाली, तिच्यात सुमारे ६६ टक्के अंधत्व मोतीबिंदूमुळे असल्याचं आढळलं. थोड्या वेळाच्या शस्त्रक्रियेने परत येऊ शकणारी दृष्टी आपण वयाच्या खात्यात टाकून मोकळे होतो.

दुसरा गैरसमज ताजा आहे: सत्तरीपुढच्या प्रत्येकाला आयुष्मान कार्ड मिळतंय, आता प्रश्न सुटला. २९ ऑक्टोबर २०२४ पासून उत्पन्नाची अट न लावता सत्तर वर्षांवरच्या सर्वांना वर्षाला कुटुंबामागे पाच लाखांपर्यंतचे उपचार मिळू लागले, हे पाऊल मोलाचंच आहे. पण हे संरक्षण रुग्णालयात दाखल झालेल्यासाठी आहे. दाखल होण्याआधीचे तीन दिवस आणि घरी सोडल्यानंतरचे पंधरा दिवस त्यात धरले जातात. दर महिन्याची बीपी-शुगरची गोळी आणि ओपीडीतली नेहमीची तपासणी त्यात बसत नाही. लकवा येऊन गेल्यावर कार्ड उपयोगी पडतं. तो टाळण्यासाठी आधीची कित्येक वर्षं जी गोळी रोज पोटात जायला हवी होती, तिची सोय वेगळीच करावी लागते.

यावर कुणी म्हणेल, १५ ऑगस्ट २०२३ पासून राज्याच्या आरोग्य विभागाच्या दवाखान्यांत उपचार मोफत आहेत, पंचाहत्तरीपुढच्यांना एसटीही फुकट आहे. मग अडचण कुठे? अडचण पोहोचण्यात आहे. एक प्राथमिक आरोग्य केंद्र सपाट भागात तीस हजार आणि डोंगरी-आदिवासी भागात वीस हजार लोकसंख्येसाठी असतं. गुडघे धरलेल्या, नीट न दिसणाऱ्या आजीला तिथे एकटीला जाता येत नाही. सोबत मुलगा किंवा सून गेली, तर त्यांचं तिकीट पडतं आणि दिवसाची मजुरी बुडते. एसटी वाडीवर येत नसेल, तर फाट्यापर्यंतची पायपीट वेगळीच. हे एकदा निभावतं, पण वर्षातून बारा वेळा नाही. मग बरं वाटतंय म्हणून गोळी बंद होते आणि दोष म्हाताऱ्या माणसाच्या हट्टाला दिला जातो.

हट्ट असतो, हे मी नाकारत नाही. पण सेवा दारापर्यंत गेली की फरक पडतो, याचा पुरावा आपल्या शेजारीच आहे. बांगलादेश, पाकिस्तान आणि श्रीलंकेतल्या ग्रामीण भागात गावातल्याच आरोग्यसेवकांनी घरी जाऊन रक्तदाब मोजला, सल्ला दिला, गरज असेल तिथे डॉक्टरकडे पाठवलं. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार दोन वर्षांनी या लोकांचा वरचा रक्तदाब इतरांपेक्षा सरासरी पाच अंकांनी जास्त उतरला होता. आपल्याकडेही सातारा, सिंधुदुर्ग, वर्धा आणि भंडारा हे जिल्हे देशाच्या उच्च रक्तदाब नियंत्रण उपक्रमात सुरुवातीपासून आहेत. रुग्णाची नोंद ठेवायची, महिनाभराच्या गोळ्या एकदम द्यायच्या, पुढची तपासणी जवळच्या केंद्रात करायची, अशी त्याची साधी रीत आहे. हे काम आशाताईंवर ढकलायचं असेल, तर त्याचा स्वतंत्र मोबदला द्यायलाच हवा. आधीच कामाने वाकलेल्या बाईकडून ते फुकट करून घेणं अन्यायाचं ठरेल. वृद्धांच्या आरोग्यसेवेचा राष्ट्रीय कार्यक्रम २०१०-११ पासून आहे आणि त्यात अंथरुणाला खिळलेल्यांच्या घरी भेट देण्याची तरतूदही आहे. आपल्या उपकेंद्रात बीपीच्या महिनाभर पुरतील इतक्या गोळ्या आहेत का, आणि अशी घरभेट गावात शेवटची कधी झाली, हे पुढच्या ग्रामसभेत विचारता येईल.